कोण कुठे बसलं

थेरगावात केजुदेवीच्या बंधाऱ्यापाशी या. सकाळची वेळ बरी. पोहायला आलेली पोरं, फेऱ्या मारणारी वयस्क मंडळी, देवळातली घंटा, मागून येणारा डांगे चौकाकडचा रहदारीचा आवाज, हे सगळं असू द्या. शांतता शोधू नका. या भागात ती मिळायची नाही, आणि आज तिची गरजही नाही. काठावर जागा मिळेल तिथे बसा. मांडी घालता आली तर घाला, गुडघे कुरकुरत असतील तर पाय सोडा. फक्त आपण कसे बसलो आहोत याकडे जरा लक्ष द्या. घोटा कुठे टेकलाय, पाठ कशाच्या आधाराने उभी आहे, समोरच्या माणसाला आपण कसे दिसत असू. आज बसण्याविषयीच विचार करायचा आहे.

समोरची नदी पवना. इथून ती पिंपरीकडे जाते, दापोडीला मुळेत मिसळते, आणि मुळा पुण्यात संगमावर मुठेला भेटते. आपण मनाने या पाण्याबरोबर खाली जाऊ आणि तीन ठिकाणी थांबू. पाणी पुढे सरकेल तसे आपण काळात मागे जाऊ. आधी एकोणिसाव्या शतकाची अखेर, मग त्याचा मध्य, मग पेशवाई. तिन्ही ठिकाणी प्रश्न एकच: या मुलखात येऊन राहिलेल्या इंग्रजांनी स्वतःची छबी कशी घडवून घेतली, आणि त्या छबीत कोण कुठे बसलं आहे? उत्तराची घाई नको. नदीला तरी कुठे आहे?

मान वर करून पलीकडे बघा. ते चिंचवड. मोरया गोसावींची समाधी तिथे नदीच्या काठीच आहे, आणि गावात चापेकरांचा वाडा आहे. कीर्तनकार हरिपंत चापेकरांचे तीन मुलगे, दामोदर, बाळकृष्ण आणि वासुदेव. प्लेगच्या वर्षी, २२ जून १८९७ च्या रात्री, गणेशखिंडीतल्या गव्हर्नराच्या बंगल्यावर व्हिक्टोरिया राणीच्या राज्यारोहणाचा हीरकमहोत्सव झाला. तिथून परतताना प्लेग कमिटीचा रँड आणि लेफ्टनंट आयर्स्ट यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या. हे शाळेतलं पोर सांगेल. आपण मात्र त्याच्या आधीच्या वर्षापाशी थांबू.

१८९६ साली मुंबईत एका रात्री कुणीतरी व्हिक्टोरिया राणीच्या संगमरवरी पुतळ्याला डांबर फासलं आणि गळ्यात जुन्या जोड्यांची माळ घातली. कुणी केलं, ते लगेच कळलं नाही. पुढे तुरुंगात लिहिलेल्या आत्मवृत्तात दामोदर चापेकरांनी ते आपलं काम असल्याचं सांगितलं. म्हणजे रँडवर गोळी झाडण्याआधी या चिंचवडच्या तरुणाने हल्ला केला तो एका कलाकृतीवर.

तो पुतळा डोळ्यांसमोर आणा. मॅथ्यू नोबल नावाच्या इंग्लंडमधल्या शिल्पकाराने घडवलेला. राणी सिंहासनावर बसलेली, वर नक्षीदार दगडी छत्र. १८७२ मध्ये व्हाइसरॉय लॉर्ड नॉर्थब्रुकच्या हस्ते त्याचं अनावरण झालं. चौथरा उंच, त्यामुळे रस्त्याने जाणाऱ्याला मान वर केल्याशिवाय राणी दिसायची नाही. आता तुम्हीही मनातल्या मनात मान वर करा. मानेच्या मागच्या शिरेवर किंचित ताण येतो बघा. पुतळा उभारणाऱ्यांना हवा होता तो नेमका हाच ताण. डोकं वर झालं की अंग आपोआप खाली होतं.

आता दोन गोष्टी मनात शेजारी शेजारी ठेवा. पहिली म्हणजे राणी हिंदुस्थानात कधीच आली नाही. या देशातल्या एकाही दगडावर ती बसली नव्हती, तरी तिचं बसणं इथे कायमचं मांडून ठेवलं होतं. दुसरी, या पुतळ्याचा खर्च बडोद्याच्या खंडेराव गायकवाडांनी केला. अनावरणाच्या आधीच, १८७० मध्ये, ते वारले. मराठी सरदाराच्या घराण्यातल्या राजाने इंग्रजांच्या राणीला मुंबईत आसन करून दिलं. निष्ठा दाखवायची म्हणून, हे उघड आहे. पण जरा सावकाश बघा: आपल्या सत्तेची सगळ्यांत भव्य मूर्ती उभारायची, तर त्यासाठीही इंग्रजांना इथल्याच एका गादीचा हात लागला.

हा पुतळा कुणासाठी होता? आपण पटकन म्हणतो, नेटिवांना धाक बसावा म्हणून. ते खरंच, पण अर्धंच. उरलेला अर्धा भाग साहेबांसाठीच होता. विशी-बाविशीत बोटीतून उतरायचं, पंचवीस-तीस वर्षं नोकरी करायची, मधल्या काळात मुलं शिकायला मायदेशी पाठवायची, शेवटी पेन्शन घेऊन परत जायचं. वडिलांचं घर इथे नाही, आजोबांची ओळख सांगणारा शेजारी नाही. मायदेशी मध्यम घरातला, चारचौघांसारखा असलेला माणूस इथे एकदम साहेब व्हायचा, आणि आपण साहेब आहोत हे त्याला रोज कुठूनतरी परत ऐकावं लागायचं. क्लबातल्या तसबिरी, चर्चच्या भिंतीवरच्या स्मृतिशिला, बागेतला बँडस्टँड, चौकातली राणी, हे सगळं त्याला ते सांगत राहायचं.

थेरगावातल्या भाड्याच्या खोल्या ज्यांनी आतून पाहिल्यात, त्यांना यातलं काहीतरी ओळखीचं वाटेल. लातूर, परभणी, बुलढाण्याहून कंपनीत कामाला आलेला मुलगा दहा बाय दहाच्या खोलीत आधी काय लावतो? गावच्या देवाचा फोटो. आपण कुठले, हे परक्या गावात भिंतीवर लिहून ठेवावं लागतं. फरक मात्र विसरू नका. या मुलाची तसबीर त्याच्या खोलीपुरती असते, ती दुसऱ्या कुणाला मान वर करायला लावत नाही.

दामोदरपंतांना हे सगळं असं मांडून सांगता आलं असतं की नाही, कोण जाणे. त्यांचे पुष्कळसे विचार आज मला पेलवत नाहीत. सुधारकांवरचा त्यांचा राग तर मुळीच नाही. पण पुतळ्यात काय असतं हे त्यांना अचूक कळलं होतं. हातोडा मारून राणीचं डोकं उडवता आलं असतं. त्यांनी तिला तसंच बसू दिलं आणि गळ्यात माळ घातली. आसन तेच, छत्र तेच, माळ मात्र जोड्यांची. आपल्याकडे गाढवावरून धिंड काढतात तीही बसवूनच.

डांबर संगमरवरात मुरलं होतं, निघता निघेना. शेवटी ते काढलं त्रिभुवनदास गज्जर या मुंबईतल्या रसायनशास्त्राच्या गुजराती प्राध्यापकाने, आणि त्यामुळे त्यांचं मोठं नाव झालं. म्हणजे राणीला बसवायला पैसा गायकवाडांचा, काळं फासणारा हात चिंचवडचा आणि धुणारा हातही इथलाच. त्याच १८९६ च्या सुमारास जे. जे. कलाशाळेत शिकणाऱ्या गणपतराव म्हात्रे नावाच्या मराठी तरुणाची ‘मंदिरपथगामिनी’ ही शिल्पाकृती गाजत होती. देवळाकडे निघालेली नऊवारीतली स्त्री. पुढे याच म्हात्र्यांनी अहमदाबादसाठी व्हिक्टोरिया राणीचा पुतळा घडवला. यात कोण स्वाभिमानी आणि कोण लाचार, असा निवाडा करायचा मोह होईल. तो बाजूला ठेवा. मूर्तिकाराला दगड हवा असतो, काम हवं असतं, आणि ज्याच्याकडे पैसा त्याची मूर्ती घडते. दामोदरपंत आणि म्हात्रे, दोघांनाही त्या राणीशी काहीतरी करायचं होतं, एवढंच पुरे.

१९६५ मध्ये हा पुतळा हलवून भायखळ्याच्या राणीच्या बागेत, भाऊ दाजी लाड संग्रहालयाच्या आवारात नेला. काळ्या घोड्यावरचे सातवे एडवर्डही त्याच सुमारास तिकडे गेले. चिंचवडच्या चापेकर चौकात आज चापेकर बंधूंचे पुतळे आहेत, आणि त्यांच्याकडे बघायलाही मान वर करावी लागते.

इथे थोडं थांबा. मानेवरचा ताण सोडून द्या. पाण्याकडे बघा.

आता खाली चला. पिंपरीचा पूल, कासारवाडी, मग दापोडी, जिथे पवना मुळेत मिळते. लोकल पकडणाऱ्यांना दापोडी म्हणजे स्टेशन, एसटीवाल्यांना वर्कशॉप. पण १८२८ मध्ये मुंबईचे गव्हर्नर जॉन माल्कम यांनी इथला बंगला सरकारसाठी घेतला. आधी तो कॅप्टन फोर्डचा होता. फोर्ड म्हणजे पेशव्यांच्या नोकरीत कवायती पलटण सांभाळणारा इंग्रज अधिकारी. गव्हर्नराचा पावसाळी मुक्काम इथे पडू लागला, आणि बंगल्याला लागून वनस्पतिबाग उभी राहिली.

१८३८ पासून ही बाग डॉ. अलेक्झांडर गिब्सन या स्कॉटिश डॉक्टरकडे होती. पुढे मुंबई इलाख्याच्या जंगलांचा कारभारही त्याच्याकडे आला. १८४७ ते १८५० या काळात त्याने बागेतल्या झाडाझुडपांची चित्रं काढून घेतली, सुमारे पावणेदोनशे. आज ती एडिंबराच्या वनस्पतिउद्यानात जपून ठेवली आहेत. इथली झाडं आहेत, दूरदेशांहून आणून लावलेलीही आहेत. फांदी, पान, फूल, कापून दाखवलेली कळी, सगळं नेटकं.

या चित्रांत कुणी बसलेलं नाही, माणूसच नाही. मग इंग्रजांच्या ओळखीशी यांचा संबंध काय? घाई न करता एक पान डोळ्यांसमोर आणा. पांढऱ्या कागदाच्या मधोमध एक फांदी. खाली माती नाही, शेजारी दुसरं झाड नाही, पावसाचं चिन्ह नाही, बागेला पाणी घालणारा माळी नाही. फांदीला तिच्या जागेवरून उचलून कागदावर ठेवलं की उचलणाऱ्याची जागा आपोआप ठरते. तो कागदाच्या बाहेर, समोर बसलेला असतो. नाव देणारा, मोजणारा, नोंद करणारा. चौकातल्या राणीपेक्षा ही बैठक कितीतरी साधी, आणि माझ्या मते कितीतरी पक्की. पुतळा क्रेनने उचलून बागेत नेता येतो. झाडाला लॅटिन नाव देणारा डोळा असा उचलून नेता येत नाही. तो आता आपलाच झाला आहे.

आणि कागदाच्या अलीकडे, हातात कुंचला धरून, खरोखर कोण बसलं होतं? गिब्सन नव्हे. हे काम एका पोर्तुगीज वळणाच्या हिंदी चित्रकाराने केलं, गोव्याकडच्या किंवा मुंबई-वसईकडच्या ख्रिस्ती कुटुंबातल्या असाव्या अशा माणसाने. त्याचं नाव कुठे टिकलं नाही. झाडांना दोन-दोन नावं मिळाली, त्याला एकही नाही. शाळेच्या वहीत आपण जास्वंदीची आकृती काढून बाणांनी नावं द्यायचो, ते आठवा. आता मनात त्या नसलेल्या नावाची जागा धरून ठेवा. रिकामीच राहू दे. तिथे कल्पनेने कुणी दे सोझा किंवा फर्नांडिस बसवायचा नाही.

१८६५ च्या सुमारास दापोडीचा हा पसारा मोडला आणि गणेशखिंडीत बांधलेल्या नव्या राजवाड्याने त्याची जागा घेतली. उंच मनोऱ्याचा, नाचघर असलेला तो वाडा गव्हर्नर बार्टल फ्रियरच्या काळात बांधायला घेतलेला. हीरकमहोत्सव झाला तो तिथे, आणि आज तिथे विद्यापीठ आहे. गव्हर्नरांची बैठक पन्नास वर्षांत किती उंच झाली ते या दोन घरांकडे बघून कळतं. पण आपण उलटे निघालो आहोत, तेव्हा उतरत राहू.

मुळा खडकीला वळसा घालून संगमावर येते. पेशव्यांच्या दरबारातल्या इंग्रज वकिलाचं ठाणं इथे होतं. १७८६ मध्ये चार्ल्स वॉर मॅलेट हा कंपनीचा पहिला कायमचा वकील म्हणून पुण्यात आला. १८१७ च्या नोव्हेंबरात खडकीची लढाई झाली तेव्हा पेशव्यांच्या फौजेने ही रेसिडेन्सी जाळली आणि तेव्हाचा वकील एल्फिन्स्टन याची पुस्तकंही त्यात गेली. पण ते पुढचं. मॅलेटच्या वेळी शनिवारवाड्याचा दरारा शाबूत होता आणि संगमावरचा इंग्रज हा पाहुणा होता.

मॅलेटला चित्रांचा नाद. १७९१ मध्ये जेम्स वेल्स हा स्कॉटिश चित्रकार मुंबईत आला, त्याला त्याने पुण्याला आणलं. १७९२ मध्ये वेल्सने सवाई माधवराव आणि नाना फडणवीस यांचं एकत्र चित्र काढलं, ते आज लंडनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीत आहे. महादजी शिंद्यांनाही त्याने रंगवलं. आणि अंबर कौर या मॅलेटच्या हिंदी सहचारिणीलाही. अंबर कौरचं चित्र काढणाऱ्या या वेल्सच्या मुलीशी, सुझॅनाशी, मॅलेटने विलायतेला परतल्यावर १७९९ मध्ये लग्न केलं. एका माणसाची दोन घरं, आणि दोन्हींना जोडणारा एकच चित्रकार. पुण्यात अंबर कौरचं चित्र काढून घ्यावं असं वाटणारा माणूस आणि विल्टशरमध्ये सर चार्ल्स म्हणून राहणारा माणूस, ही एकच व्यक्ती होती हे मला अजून नीट जुळवता येत नाही. अशी माणसं पुढच्या काळात दिसेनाशी झाली, निदान तसबिरींतून तरी.

सवाई माधवरावांच्या मर्जीने शनिवारवाड्यात चित्रकलेची एक शाळाही निघाली. तिथला गाजलेला चित्रकार म्हणजे गंगाराम चिंतामण तांबट, नवगिरे. त्याने वेरूळची लेणी रेखाटली, पेशव्यांच्या शिकारखान्यातला गेंडा काढला. त्याचे कागद मॅलेटबरोबर विलायतेला गेले आणि आता अमेरिकेत येल विद्यापीठाच्या संग्रहात आहेत. दापोडीच्या चित्रकाराच्या अर्धशतक आधीचा हा माणूस, पण त्याचं नाव उरलं, जात उरली, आडनावही उरलं. साहेब अजून पाहुणा होता तोवर चित्रकाराला नाव विचारलं जात होतं, असं म्हणायचा मोह मला होतो. एका उदाहरणावरून तेवढं म्हणणं धाडसाचं ठरेल.

आता शेवटचं चित्र. याच्यासमोर सगळ्यांत जास्त वेळ बसा. थॉमस डॅनियलने रंगवलेला पुण्याचा दरबार, १८०५ मध्ये लंडनला रॉयल अकादमीत मांडलेला, आज टेट संग्रहालयात असलेला. विषय १७९० चा. टिपूविरुद्ध इंग्रज, पेशवे आणि निजाम एकत्र आले, त्या तहाचा प्रसंग. शनिवारवाड्याचा गणेश रंगमहाल, मागे गणपतीची मोठी मूर्ती, गादीवर सोळा वर्षांचे सवाई माधवराव, दरबारी मंडळी दाटीवाटीने, आणि त्यांत इंग्रज.

त्या इंग्रजांकडे बघा. ते खाली बसले आहेत. पेशव्यांच्या दरबारात खुर्ची नाही. जोडे बाहेर, बैठक जमिनीवर, तळवे कुणाकडे करायचे नाहीत. अंगात घट्ट विजार आणि बटणांचा कोट. आता परत स्वतःच्या मांडीकडे या. इतका वेळ बसून पायाला मुंग्या आल्या असतील. येऊ द्या. ज्यांना लहानपणापासून ही सवय आहे त्यांची ही गत, तर घोड्यावर आणि खुर्चीवर वाढलेल्या माणसाचं काय झालं असेल? आणि तोंडावर तर वकिलाचं गांभीर्य ठेवायचं.

आता विचार करा. हे चित्र काढून घेतलं कुणी? मॅलेटने. पेशव्यांनी नव्हे. स्वतः जमिनीवर बसलेला आहे, असं आपलं चित्र त्याने खर्च करून काढून घेतलं आणि लंडनच्या उच्चभ्रू लोकांसमोर मांडू दिलं. त्यात त्याला कमीपणा वाटला नाही, अभिमान वाटला. कारण त्या दरबारात बसायला मिळणं हीच त्याची पत होती. विलायतेत तो कोण? कंपनीच्या नोकरीतून पैसा करून परतलेल्या पुष्कळांपैकी एक. पुण्यात तो कोण? श्रीमंतांच्या समोर बसलेला वकील. बॅरोनेट ही पदवीही त्याला पुण्यातल्या कामगिरीमुळेच मिळाली होती. त्याच्या ओळखीचं वजन पेशव्यांच्या गादीवर तोललेलं होतं.

चित्र लोकांनी पाहिलं तेव्हा सवाई माधवराव वाड्यातून पडून गेले त्याला दहा वर्षं झाली होती, वेल्सही त्याच साली, १७९५ मध्ये, गेला होता, नाना १८०० मध्ये. वसईचा तह होऊन दुसरा बाजीराव इंग्रजांच्या आश्रयाला गेला होता. चित्रातली गादी रिकामी होत आली असताना तिचं सगळ्यांत भव्य चित्र लंडनमध्ये टांगलं गेलं. आणि ते काढणारा डॅनियल पुण्यात कधी आलाच नव्हता. वेल्सच्या रेखाटनांवरून त्याने ते रचलं, आणि वेल्स स्वतः पुण्यात आला तो तहानंतर. मुंबईतल्या राणीने जसा हा देश पाहिला नव्हता, तसा या दरबाराच्या चित्रकाराने हा दरबार.

डोळे मिटून एक करून बघा. चित्रातून इंग्रजांना एकेक करून उठवा आणि बाहेर पाठवा, जोडे घालू द्या. दरबार तसाच भरलेला राहतो. गणपती आहे, गादी आहे, कारभारी आहेत. आता त्यांना परत आणून बसवा आणि गादी काढून घ्या. काय उरतं? कुणाच्यातरी दिवाणखान्यात अवघडून बसलेले काही परदेशी. खंडेरावांची थैली काढून घेतली की चौकातल्या राणीचंही तसंच व्हायचं.

इथे थांबलो तर फार सोयीचं होईल, आपल्याला बरंही वाटेल. पण आणखी थोडं बसा. तो गणेश रंगमहाल आता कुठे आहे? १८२८ च्या फेब्रुवारीत शनिवारवाड्याला आग लागली, ती आठवडाभर धुमसत होती. आतला सगळा लाकडी पसारा गेला, राहिले ते जोते, तट आणि दरवाजे. म्हणजे पेशव्यांचा भरलेला दरबार डोळ्यांसमोर आणायचा तर आपल्याला मॅलेटच्या हौसेकडे जावं लागतं. नाना फडणवीस म्हटल्यावर तुमच्या मनात कोण आलं? सडपातळ, लांबट चेहरा, पगडी, गळ्यात उपरणं? पाठ्यपुस्तकात, रंगभूमीवर, दिवाळी अंकांच्या पानांवर पिढ्यान्‌पिढ्या फिरलेली ती मुद्रा वेल्सच्या बैठकीतून आलेली आहे. मॅलेटला आपली ओळख पटवायला पेशव्यांची गादी लागली, आणि त्या गादीवरचा चेहरा ओळखायला आपल्याला मॅलेटचा चित्रकार लागतो. कुणाचं देणं कुणाकडे निघतं, याचा हिशेब पाय मोकळे करता करता मांडून बघा.